इथं झुंजुमुंजू होतं आणि तिथंच थांबतं

ट्रोम्सो, नॉर्वे
22 जानेवारी

तीर्थरूप अण्णा आणि आईस,
शिरसाष्टांग नमस्कार. आजीच्या पायांवर डोकं ठेवलंय असं तिला सांगा.

रोज फोनवर तोंड दिसतं, मग हा पत्राचा खटाटोप कशाला, असं आई म्हणणार. कारण असं आहे की फोनवर अण्णा तीनच वाक्यं बोलतात. "जेवला का", "थंडी किती आहे" आणि "घे, आईशी बोल". त्यांना पुढचं सांगायला गेलं की फोन चुलीपुढं पोचलेला असतो आणि मला फक्त भाकरी आणि आईचा हात दिसतो. पत्र तसं दुसऱ्याकडे देऊन टाकता येत नाही. पाठकोऱ्या कागदांवर लिहितोय, हॉटेलात ढिगानं निघतात. फोटो काढून ताईच्या व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवतो, मूळ कागद टपालानं मागाहून येतील. ताई, मोठ्यानं वाच आणि मधलं काही गाळू नकोस.

अण्णा, आईनं तुमची चुगली केलीय. गेल्या रविवारी बारीक आवाजात सांगत होती की तुम्ही हल्ली सातशिवाय अंथरूण सोडत नाही, चहा घेऊन ओसरीत बसता आणि द्राक्षबागेकडे फिरकतच नाही. "आता चारला उठून करायचं काय?" असं म्हणालात म्हणे. आई, रागावू नकोस, सांगून टाकलं एकदाचं. तेव्हापासून ते वाक्य माझ्या डोक्यातून जाईना. कारण मी सध्या जिथं राहतो तिथं हाच प्रश्न गावातल्या प्रत्येकाला दोन महिने रोज पडतो.

आधी इथलं नीट सांगतो, तीन वर्षं झाली तरी मी कधी सांगितलंच नाही. ट्रोम्सो आर्क्टिक वर्तुळाच्याही साधारण साडेतीनशे किलोमीटर उत्तरेला आहे. पृथ्वीचा आस साडेतेवीस अंशांनी कललेला असतो हे शाळेत पाठ केलं, दोन मार्क मिळवले आणि विसरलो. त्या कलण्याचा अर्थ इथं येऊन कळला. नोव्हेंबरच्या 21 तारखेच्या आसपास सूर्य डोंगराआड जातो तो पुढच्या 21 जानेवारीला तोंड दाखवतो. गणितानं तो जानेवारीच्या मध्यालाच क्षितिजाला लागतो, पण दक्षिणेकडचे डोंगर त्याला आणखी आठवडाभर अडवून धरतात. या काळाला इथले लोक मॉर्केतीद म्हणतात, म्हणजे काळोखाचे दिवस.

पण अगदी मिट्ट काळोख असतो असं नाही. गंमत सांगतो. आपल्याकडे पहाटेला किती शब्द आहेत बघा. कोंबडं आरवलं, झुंजुमुंजू झालं, फटफटलं, तांबडं फुटलं, उजाडलं, दिवस निघाला, कासराभर वर आला. आजी घड्याळ न बघता यांवरच सगळं चालवते. इथं मॉर्केतीदमध्ये सकाळी नऊ-साडेनऊला झुंजुमुंजू होतं आणि तिथंच थांबतं. आभाळ निळं होतं, अगदी आपल्या मोरचुदाच्या पाण्यासारखं, बर्फही निळं दिसतं. दुपारी बाराच्या सुमाराला दक्षिणेकडे थोडं तांबडं फुटतं. आता दिवस निघणार असं वाटतं, आणि तेवढ्यात ते तांबडं मावळायला लागतं. दोन वाजेपर्यंत पुन्हा रात्र. पहाट आणि संध्याकाळ एकमेकींना चिकटलेल्या, मधला दिवस कोणी काढूनच घेतलेला. पहिल्या वर्षी तर रोज दुपारी बाराला माझ्या पोटात कालवायचं. कोणीतरी ताट पुढं करून मागं घ्यावं तसं व्हायचं.

थंडीचं मात्र आई उगाच मनाला लावून घेते. समुद्रातला गरम पाण्याचा प्रवाह किनाऱ्यावरून जातो, त्यामुळे इथला समुद्र गोठत नाही आणि जानेवारीत सरासरी पारा उणे तीन-चारच्या आसपास असतो. घरात मात्र मी बनियनवर बसतो. खरी थंडी तुमची. निफाडला पाचावर पारा आणि वर पत्रा, खाली फरशी. कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्राचा आकडा पेपरात आला की इथं मला माझ्यापेक्षा तुमचीच हुडहुडी भरते. नांदूरमधमेश्वरला उत्तरेकडून पक्षी उतरलेत असं ताई म्हणत होती. त्यांना अक्कल आहे. थंडीत सगळे खाली जातात आणि तुमचा मुलगा एकटा वर आला.

पहिला हिवाळा वाईट गेला. तेव्हा सांगितलं नाही, आता सांगायला हरकत नाही. कामाची वेळ पहाटे पाचची, त्यामुळे चारचा गजर. गजर झाला की बाहेर काळोख, काम संपवून दुपारी बाहेर पडलो की पुन्हा काळोख. सुट्टीच्या दिवशी तर दुपारी एकला जाग आली तरी सकाळ आहे की संध्याकाळ कळायचं नाही. झोपून झोपून थकवा यायचा. भूक अवेळी लागायची. इथले जाणकार सांगतात की शरीराच्या आत एक घड्याळ असतं आणि सकाळचा उजेड डोळ्यात गेला की ते रोज लावलं जातं. उजेड नसला की घड्याळ घसरतं. त्या घड्याळाचं काम उलगडणाऱ्या तिघांना 2017 साली नोबेलही मिळालं. आजीला कुणी दिलं नाही, नाहीतर "सूर्य डोक्यावर येईस्तोवर लोळू नये" एवढं ती कधीपासून सांगतेय. आमच्या खाण्याच्या खोलीत एक पांढराशुभ्र दिवा आहे, दहा हजार लक्सचा. त्याच्यापुढं अर्धा तास बसून मी चहा प्यायचो. शिवाय कॉड माशाच्या यकृताचं तेल रोज चमचाभर. ज्या महिन्याच्या नावात 'र' येतो त्या महिन्यात ते घ्यायचं असा इथला नेम. त्यांच्या भाषेत सप्टेंबरपासून एप्रिलपर्यंत सगळ्या महिन्यांत 'र' आहे, म्हणजे सुटका नाही. आईचा काढा बरा असं म्हणायची वेळ आली.

दिवा आणि तेल यांनी थोडा फरक पडला असेल. खरा फरक पडला तो ट्रॅक्टरनं.

त्या जानेवारीत एका रात्री झोपेत ट्रॅक्टरचा आवाज ऐकला. लांबून येणारा, मध्येच दबणारा, वळताना रेस होणारा. अर्धवट झोपेत मला वाटलं, अण्णा औषध मारायला निघाले, ब्लोअर जोडलाय, आता "पाण्याची टाकी भरली का रे" अशी हाक येणार. इतकं खरं वाटलं की मी चटकन उठून पायात चपला शोधायला लागलो. मग खिडकी दिसली. खाली रस्त्यावर पिवळा दिवा फिरवत एक ट्रॅक्टर बर्फ लोटत चालला होता. पुढं रुंद लोखंडी फाळ, मागं खडी पसरायचं यंत्र. चार वाजत आले होते. अख्ख्या गल्लीत त्याच्याशिवाय कोणी जागं नव्हतं. मी खिडकीशी उभा राहून तो गल्ली संपवून कोपऱ्यावर वळेपर्यंत बघत राहिलो, आणि मग गजर बंद करून अंघोळीला गेलो. अंघोळ करताना लक्षात आलं की महिनाभरात पहिल्यांदा मी गजर होण्याआधी उठलो होतो.

दुसऱ्या दिवसापासून सव्वाचारला खाली उतरायला लागलो. बुटांना खिळ्यांचे पट्टे बांधायचे, नाहीतर घसरगुंडी ठरलेली. बाहीला चमकणारी पट्टी, गाडीवाल्याला दिसावी म्हणून. कोपऱ्यावर त्याची माझी गाठ पडायची. कोण, कुठला, नाव काय, मला आजही माहीत नाही. तो काचेतून हात वर करतो, मी हात वर करतो. बस. आपल्याकडे पहाटे दुधाचे कॅन घेऊन जाणारा मोटरसायकलवाला तुम्हाला करायचा तसंच. तीन हिवाळे झाले, एकदाच चुकला. गेल्या महिन्यात एक दिवस दुसराच माणूस ट्रॅक्टरवर होता तर मला दिवसभर चुकचुकत राहिलं.

आता माझं काम. मी हॉटेलात आहे म्हटलं की गावात लोकांना वाटतं मी मोठमोठ्या पार्ट्यांचं जेवण करतो. मी न्याहारीचा आचारी आहे, अण्णा. नाशिकला हॉटेल मॅनेजमेंटला तुम्ही जे पैसे भरले ते अंडी फोडण्यासाठी, असं ताई चिडवायची ते खरंच झालं. पण मला हे काम आवडतं आणि का आवडतं ते तुम्हालाच कळेल म्हणून लिहितो.

पाचला कामाला लागतो. आधी भट्टी लावायची. पावाचं पीठ आदल्या दिवशी मळून रात्रभर थंड खोलीत फुगत ठेवलेलं असतं, ते बाहेर काढायचं. हात लावला की आत बारीक हवा भरलेली कळते, झोपलेल्या वासराच्या पोटासारखं मऊ आणि गार. मग मोठ्या पातेल्यात ओटची लापशी चढवायची, तिला सारखं हलवत राहावं लागतं, नाहीतर बुडाला लागते. मग अंडी. मग ब्रूनोस्त, म्हणजे इथलं तपकिरी चीज, त्याच्या पातळ चकत्या. ते चीजचं पाणी आटवून आटवून करतात, साखर करपून रंग येतो. आई, तुला चव सांगायची तर बासुंदीच्या पातेल्याची खरवड मिठात बुडवून खाल्ल्यासारखी लागते. पहिल्यांदा मी तोंड वाकडं केलं, आता रोज दोन चकत्या लपवून खातो.

सहाला पाहुणे यायला लागतात. हिवाळ्यात बहुतेक जण आभाळातला हिरवा प्रकाश बघायला आलेले असतात. रात्री दोन-तीनपर्यंत बर्फात उभे राहून परत आलेले, काहींना तो दिसलेला, काहींना नुसताच ढग दिसलेला. ज्यांना दिसला नाही त्यांचे चेहरे मला दारातच ओळखू येतात. लाखभर रुपये घालून माणूस येतो आणि ढग बघून जातो. द्राक्षवाल्याच्या पोराला हे समजावून सांगावं लागत नाही.

आमची मुख्य शेफ साठीची आहे, उत्तरेकडच्या एका बेटावरची, बाप कोळी. बोलायला फटकळ, मनानं आजीसारखी. पहिल्या हिवाळ्यात मी तिला वैतागून विचारलं होतं, "तुमच्याकडे सकाळ होते तरी कधी?" ती लापशीच्या पातेल्याकडे बघून म्हणाली, "आत्ताच लावलीस ना?" आणि पुढं, "आणि करपवतोयस." धावत जाऊन हलवली. तिचा एक नियम आहे. पहिला पाहुणा जिन्यावरून उतरायच्या आधी कॉफी आणि पावाचा वास जिन्यापर्यंत पोचलेला पाहिजे. खिडकीतला काळोख त्यानं नंतर बघावा. माझ्याबरोबर भांडी घासायला एक सीरियातला माणूस आहे. घर गेलं, गाव गेलं, दोन मुलं इथल्या शाळेत आहेत. तो रोज पावणेपाचला येतो आणि पहिलं काम काय करतो, तर सगळे दिवे लावतो. जेवणघरातले, ओट्यावरचे, खिडकीतले कागदी ताऱ्याचे. अजून कोणी आलेलं नसतं. एकदा म्हटलं, अरे, वीज फुकट जाते. तर हसला नुसता.

असं माझ्या सकाळचं आहे. ती निघत नाही, आम्ही तिघं-चौघं आणि तो ट्रॅक्टरवाला मिळून ती काढतो.

अण्णा, हे सगळं लिहिताना मला 2018 चा डिसेंबर सारखा आठवतोय. कॉलेजचं शेवटचं वर्ष होतं माझं, नाताळच्या सुट्टीत घरी आलो होतो. रात्री अडीचला तुम्ही उठवलंत. "ऊठ, पारा पार खाली आलाय." मणी पाणी उतरायच्या अवस्थेत होते, गारठ्यानं तडकले असते तर वर्ष संपलं होतं. आपण छाटणीच्या काड्या आणि उसाचं पाचट ओळींच्या टोकाला लावून पेटवलं. ओलं गवत वर टाकलं, धूर धरायला. लाईट नशिबानं रात्रपाळीची होती म्हणून मोटर चालू करून ठिबक सोडलं. आई बॅटरी घेऊन बांधावर उभी, बिबट्याच्या भीतीनं मध्येमध्ये पातेलं बडवत होती. आमच्या डोळ्यांतून धुरानं पाणी, आणि तुम्ही एका ओळीतून दुसरीत, वाकून, मांडवाखाली थर्मामीटर बघत. मी चारदा विचारलं, "वाचेल का?" तुम्ही एकदाही उत्तर दिलं नाहीत.

मग फटफटलं. पानांवरचं दव गोठून पांढरं झालेलं दिसायला लागलं, कोणी मीठ फेकल्यासारखं. तुम्ही खालच्या अंगाच्या पहिल्या वेलापाशी थांबलात, एक मणी दोन बोटांत धरून बघितला, आणि म्हणालात, "उजाडलं. आता दिसंल काय राह्यलं ते." एवढंच. आणि मोजायला लागलात. खालच्या अंगाचं सगळं गेलं होतं. वरच्या अकरा ओळी वाचल्या. तुम्ही दोनदा मोजल्या.

मला तेव्हा राग आला होता. वाटलं, एवढं गेलं आणि हा माणूस मोजतो काय! आपल्या भाषेत उजाडणं आणि उजाड होणं किती जवळजवळ बसलेत असंही तेव्हा मनात आलं होतं, कॉलेजचं वय, असले विचार यायचेच. पण या काळोखात मला कामाला आलं ते तुमचं मोजणंच. पहिल्या वर्षी खोलीत पडून राहिलो असताना, परतीचं तिकीट किती ते फोनवर बघत असताना, एका पहाटे मी उठून बसलो आणि कागदावर लिहून काढलं काय राहिलंय ते. नोकरी राहिली. हात चालतात. झोप बिघडली पण भूक लागते. पाव करता येतो. ट्रॅक्टर येतो. ओळी फार नव्हत्या, पण होत्या. तिकीट काढलं नाही.

यंदाचं मला माहीत आहे. मे महिन्यापासून पाऊस हटला नाही, काडीला ऊन मिळालं नाही, घड तयारच झाले नाहीत. छाटणी केली, डोळे फुटावेत म्हणून पेस्ट लावली, फुटवे आले आणि त्यात घड नाहीत. जे होते ते जिरले. शेजारच्या वस्तीवर बागेवर कुऱ्हाड चालली तो व्हिडिओ ताईनं पाठवला होता, मी पूर्ण बघितला नाही. थंडीनं माल गेला तर माणूस रात्रभर शेकोटी करून लढतो तरी. ज्या घडाचा वेलाला पत्ताच नाही त्याच्यासाठी चारला उठून करायचं काय, हा तुमचा प्रश्न बरोबर आहे. मी इथून त्याचं उत्तर देणार नाही. शेतीतलं मला किती कळतं तुम्हाला ठाऊक आहे, डिपिंगला, म्हणजे घड औषधात बुडवायला, चार घड सोडून पाचवा बुडवायचो. बाग ठेवायची का काढायची, मका लावायचा का काय, ते तुम्ही आणि आईनं ठरवा. सोसायटीच्या हप्त्याचा घोर नको, माझा भाग सोमवारी खात्यावर येईल.

आता कालचं सांगतो. काल 21 तारीख, इथला सूर्याचा दिवस, सूलदाग म्हणतात. शाळेतल्या पोरांना बाहेर काढतात, बेकऱ्यांपुढं रांगा लागतात आणि सगळं गाव सूलबोल्ले खातं. गोल तळलेला पाव, आत जॅम नाहीतर कस्टर्ड, वर साखर नाहीतर चॉकलेट. हॉटेलात ते तळायचं काम माझ्याकडे आलं. पहाटे चारपासून तळत होतो. आई, तेलात सोडला की पाव आधी बुडी मारतो, मग तरंगतो आणि त्याच्या पोटाला एक पांढरा पट्टा उरतो, तो पट्टा सारखा आला की समजायचं पीठ नीट फुगलंय. अनारशाला जाळी पडली की तुझा चेहरा होतो तसा काल माझा झाला असणार. मागच्याच आठवड्यात तुम्ही संक्रांत केली, भोगीची बाजरीची भाकरी आणि तीळ. तोच सूर्य, इथं यायला त्याला आठ दिवस जास्त लागतात एवढंच.

काल मात्र तो आला नाही. म्हणजे आला असेल, पण दक्षिणेला असा ढग बसला होता की काही दिसलं नाही. पोरं थोडा वेळ ओरडली आणि पाव खाऊन परत गेली. शेफ म्हणाली, "पाव संपले ना? मग झाला दिवस." मला वाटलं होतं मी हिरमुसेन. नाही हिरमुसलो. तुमच्याच घरचा आहे, ढगाची सवय आहे.

आज मला सुट्टी होती. साडेअकराला या बेटाच्या उंचवट्यावर एक तळं आहे, ते आता गोठलंय, तिथं गेलो. चार-दोन म्हातारी माणसं स्कीवर, एक बाई मुलाला छोट्या घसरगाडीत ओढत होती. दक्षिणेच्या डोंगराची कड आधी पितळेसारखी झाली. मग तिच्यावर एक ठिणगी दिसली. त्याहून जास्त मला बघताच आलं नाही, डोळ्यांत पाणी आलं, थंडीचं म्हणा. मान फिरवली तर बर्फावर माझी सावली. रस्त्याच्या दिव्याखाली पडते ती सावली पायाशी घोटाळते, आपल्याबरोबर गरगरते. ही लांबलचक, अंगणात बैलाची पडायची तशी, पार तळ्याच्या पलीकडच्या काठाला टेकलेली. दोन महिन्यांनी भेटली. मी हात वर केला, तिनं केला. घसरगाडीतला पोरगा माझ्याकडे बघून हसला आणि त्यानंही दोन्ही हात वर केले. पाचेक मिनिटं असेल ते सगळं. मग कड पुन्हा करडी झाली. उद्यापासून दिवस रोज दहा मिनिटांहून जास्त वाढत जाणार. मेच्या विसाव्या तारखेनंतर तर तो मावळायचाच नाही, जुलैच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत. तेव्हा झोप न येण्याची तक्रार लिहीन, ते वेगळं पत्र.

परत येऊन हे लिहायला बसलो.

रविवारी रथसप्तमी आहे. आई अंगणात गोवऱ्या पेटवून दूध उतू घालणारच, आजी रांगोळीचा रथ काढणार, गुडघे दुखले तरी काढणार. अण्णा, माझं एक मागणं आहे. त्या दिवशी दूध ठेवायच्या आधी, फटफटायला लागलं की, वरच्या अकरा ओळींपर्यंत एक चक्कर मारून या. काही करायचं नाही, औषध नको, कात्री नको. नुसतं बघून या आणि मला सांगा काय राहिलंय ते. वेल किती धड आहेत, ओलांडे, म्हणजे वेलाचे आडवे हात, कसे आहेत, एप्रिलच्या छाटणीपर्यंत काडी तग धरेल का. तीन वाक्यांत सांगा, चालेल. तुमच्याकडे साडेसहा म्हणजे माझे रात्रीचे दोन. मी दोनचा गजर लावतोय. फोन अण्णांनीच लावायचा आणि बोलून झालं की आईकडे द्यायचा नाही, तो तुळशीच्या कट्ट्यावर टेकवून ठेवायचा, म्हणजे दूध उतू जाताना मला दिसेल. गोवऱ्यांच्या फार जवळ नको, काचेवर धूर बसतो. आणि ताई, चार्जिंग आदल्या रात्रीच कर.

आपला,
बाळू

ता.क. आई, पाठवलेली लोकरीची कानटोपी मी घालत नाही असं तुला वाटतं. आज तळ्यावर तीच होती. सावलीत तिचा गोंडासुद्धा दिसत होता.